पोत्यामागे दोन किलो

मित्रांनो, ओळख थोडी नंतर करून देतो. आधी हेमचंद्रशेठना काय काय मिळायचं होतं ते मांडू या.

सन १९६९, महिना जानेवारी. कुलाबा जिल्ह्याची कबड्डीची ढाल कर्जतला मिळाली, तर संघाचे अध्यक्ष म्हणून शेठच्या गळ्यात हार पडणार होता. तो हार घालायला खोपोलीच्या एका गिरणीचे मोठे साहेब येणार होते. साहेब आले म्हणजे चहा आला, आणि चहाचा पहिला घोट संपायच्या आत गिरणीच्या कँटीनला तांदूळ कोण पुरवतो हा विषय शेठ काढणार होते. शिवाय ढाल टांगायची कुठे? शेठच्या वखारीची भिंत रिकामीच होती. एवढं सगळं एका ढालीत बसत होतं. आड येत होते फक्त दोन किलो, आणि तेही पोशा नावाच्या खेळाडूच्या अंगावरचे.

मी एक जुना वजनकाटा आहे. ज्याच्या फळीवर भाताचं आख्खं पोतं उभं राहतं, तसला. ओतीव लोखंडाचा, चार चाकांचा, दांडीवर आकडे कोरलेला. आज मी वखारीच्या मागच्या खोलीत भिंतीला पाठ लावून उभा आहे. दांडीला तार गुंडाळली आहे, तारेवर लाखेचा शिक्का आहे, पायाला 'मुद्देमाल' अशी चिठ्ठी आहे. दांडी हलवता येत नाही. समोर मोडकी शिडी आणि रिकामी गोणपाटं. बारा वर्षं मी एकाच आकड्यावर अडकून आहे.

माझा जन्म १९५३ सालचा, मुंबईतल्या एका कारखान्यातला. मालगाडीने कर्जतला उतरलो, तेव्हा चार हमालांनी मला शिव्या देत वखारीत आणलं. हेमचंद्रशेठ तेव्हा नुसते हेमचंद्र होते आणि हमालांना स्वतः पाणी देत होते. आधी मी मण आणि शेर बोलायचो. मग सरकारने किलो आणले, माझी दांडी बदलली आणि मी महिनाभर चाचरत नवी भाषा शिकलो.

माझा खरा सोबती होता गोमा मापारी. मापारी म्हणजे माप घेणारा. पहिल्या पोत्याला तो 'एक' म्हणत नसे, 'लाभ' म्हणत असे. तशी रीतच आहे. लाभ कोणाचा हे विचारायची मात्र रीत नव्हती. पण खरं सांगतो, त्या वर्षांत विचारण्यासारखं काही नव्हतंही. माझी दांडी आरशासारखी होती. लोक म्हणत, "हेमचंद्राच्या काट्यावर देवाला बसवलं तरी खरं वजन येईल." असं कोणी म्हटलं की मला माझ्या लोखंडावरचा गंज उतरल्यासारखं वाटे.

भात दिवसा, आणि सोमवारी संध्याकाळी माणसं. पेजकाठ क्रीडा मंडळाचे खेळाडू ओळीने येऊन माझ्यावर उभे राहत. पंचावन्न किलोंच्या आत असेल तोच त्या गटात खेळणार, असा नियम होता. गोमा खडूने भिंतीवर आकडे लिही. हा संघ १९५१ साली भात कापून झालेल्या एका शेतात सुरू झाला. पोरांच्या गुडघ्यांना धसकटं टोचायची, पण सामना असला की कर्जतचा न्हावी अर्धी दाढी सोडून मैदानावर जायचा आणि गिऱ्हाईकही साबण लावलेल्या गालानेच मागोमाग. संघाने काय दिलं म्हणाल, तर सहा वेळा अंतिम सामना हरून दिला. खालापूरचे लोक आमच्या पोरांना मैदानाच्या तोंडाशीच म्हणत, "आले का कर्जतकर? बसा, दुसरा नंबर तुमचाच राखून ठेवलाय." सहाव्या हरण्यानंतर गोमा माझ्या दांडीवर डोकं टेकून रडला होता. त्याचे अश्रू मी तोलले नाहीत. तेवढी लाज मलाही आहे.

सातव्या वेळी संघात पोशा होता. चढाईला गेला की दोन गडी मारून परत येणारा. गिरणीवाले त्याच्यावर डोळा ठेवून होते. ढाल जिंकली तर त्याला नोकरी देऊ, असा निरोपच आला होता. त्याची आई सोनुबाई दुसऱ्यांच्या बांधावर गवत कापून जगलेली बाई. पुढे एकरभर शेत झालं, पण पोराला पगार लागावा एवढंच तिचं मागणं होतं.

स्पर्धा कर्जतलाच होती आणि वजनं माझ्यावरच व्हायची होती. आदल्या दिवशी पोशा आला. दोन दिवस त्याने अन्न घेतलं नव्हतं, पाणीसुद्धा ओठ ओले करण्यापुरतं. अंगावर दोन गोणपाटं बांधून तो भिवपुरीपर्यंत धावून आला होता. माझ्यावर चढायला त्याला गोमाचा खांदा धरावा लागला.

"किती?" शेठनी विचारलं.

"सत्तावन्न," गोमा म्हणाला.

"काल?"

"साडेअठ्ठावन्न, शेट."

"मग झालं तर. उद्या सकाळपर्यंत पंचावन्न होईल."

"उद्या सकाळपतुर मरंल तो."

"मरत नाही. तरणा आहे."

"मेला तर बरंच," गोमा म्हणाला. "मग वजनच करायला नको."

पोशाला शेठनी घरी निजायला पाठवलं आणि गोमाला म्हणाले, "काटा तुझा आहे, गोमा. संघ पण तुझाच आहे."

एवढंच बोलले. शेठचं हेच कौशल्य. ते कधी काही सांगत नसत, समोरच्याला सुचेपर्यंत थांबत.

सकाळी उजाडल्यावर गोमा आला. तो नदीवर मासे धरायचा. त्याच्या मुठीत जाळ्याला लावतात ते शिसं होतं. माझ्या दांडीच्या टोकाला एक लोलक लटकतो आणि त्याला बोटभर पोकळी आहे. तिकडे एक ग्रॅम म्हणजे इकडे शंभर, अशी माझी घडण. वीस ग्रॅम शिसं त्या पोकळीत पडलं आणि दोन किलो पोशा जगातून नाहीसा झाला. आता रिकाम्या काट्याची दांडी तरंगायला हवी, ती खाली बसून राहिली. पण रिकाम्या काट्याकडे कोण बघतो? पंचांनीही बघितलं नाही.

पोशा चढला. पंच म्हणाले, "पंचावन्न. बरोबर."

पोशाने डोळे मिटून हात जोडले. त्याला वाटलं, आपल्या घामाने जिंकलो. त्याला कोणी काही सांगितलं नव्हतं. बाकीच्या संघांनाही तेच दोन किलो माफ झाले होते, पण ते त्यांना ठाऊक कुठे होतं? त्यांनी आपले जड गडी घरीच ठेवले होते.

ढाल जिंकली. हार पडला. साहेब आले, चहा आला, तांदळाचा विषयही वेळेवर निघाला. पोशाला गिरणीत घेतलं, तीन वर्षं तात्पुरता आणि नंतर कायम. अट एकच, खेळाडू म्हणून नाव स्वच्छ पाहिजे.

दुसऱ्या दिवशी भाताच्या गाड्या दारात उभ्या होत्या. गोमाने शिसं काढायला हात घातला.

"आज गर्दी आहे," शेठ म्हणाले. "संध्याकाळी काढ."

संध्याकाळी शेठनी बेरीज केली. मग ते शिसं काढा म्हणालेच नाहीत.

मित्रांनो, कोंडणं म्हणजे काय ते मला तेव्हा कळलं. दार लावलेलं नव्हतं, माणसं येत होती, मी कामात होतो. आणि तरी दिवसभरात एकदाही खरं बोलता येत नव्हतं. प्रत्येक पोत्याला दोन किलो कमी. वर्षातून एकदा सरकारी साहेब तपासायला येत, त्या एका दिवशी गोमा शिसं काढून खिशात ठेवी. तेवढा एक दिवस मी श्वास घेई.

पुढच्या हंगामात सोनुबाई भात घेऊन आली. ती घरी पायलीने मोजून आणायची, पायली म्हणजे भात मोजायचं मापटं. वखारीत गर्दी नाही असं बघून ती म्हणाली, "शेट, पोत्यामागं पायलीभर भात जातो कुठं? तुमच्या काट्याला भूक लागाय लागली काय?"

शेठनी चष्मा काढून पुसला. "बसा, सोनुबाई. काटा खोटा म्हटलात, तर कधीपासून खोटा, हे लोक विचारतील."

"विचारू द्या की."

"मोजत मोजत लोक कुठल्या दिवसावर येतील?"

सोनुबाईच्या लक्षात आलं. तिचा हात पोत्यावर होता तो तसाच राहिला.

"मग गुपचूप नीट करा," ती हळू म्हणाली.

"आणि उद्या सगळ्यांची पोती दोन-दोन किलोंनी वाढली तर? लोकांना बोटं आहेत, बाई. काटा खोटा तर ढाल खोटी. ढाल खोटी तर पोशाची नोकरी खोटी. तुम्हीच सांगा, काय करू?"

आता सांगा, शेठ खोटं बोलत होते का? नव्हते. म्हणूनच त्यातून वाट नव्हती. सोनुबाईने पैसे पदरात बांधले आणि गेली. तिच्यामागच्या गाडीवाल्याचेही दोन किलो गेले. त्याचा कोणी गिरणीत नव्हता.

शिसं पडल्यापासून असे चार हंगाम गेले.

१९७२ च्या जानेवारीत पोशा सुट्टीच्या दिवशी आईचं भात घेऊन वखारीत आला. कायम व्हायला दीड महिना राहिला होता. गिरणीच्या जेवणाने तो भरला होता. पोती उतरवून झाल्यावर तो गमतीने माझ्यावर चढला.

"बघू रं गोमाकाका, किती झालो?"

"एकसष्ट."

"हॅत्! काल गिरणीच्या दवाखान्यात त्रेसष्ट भरलो. खोपोलीवरनं इथवर येता येता दोन किलो सांडलो कुठं?"

बाहेर बाजाराचा दिवस. पंधरा-वीस शेतकरी हसले. गोमा हसला नाही. त्याने मान फिरवली आणि त्या मान फिरवण्यातच पोशाला सगळं कळलं.

"गोमाकाका, त्या दिवशी मी पंचावन्न नव्हतो?"

"तू दोन दिस पानी पन नाय प्यालास," गोमा म्हणाला. "तेवढं खरं हाय."

सोनुबाईने पोशाचा दंड धरून त्याला पोत्यांच्या आड ओढलं. आड म्हणजे माझ्याच शेजारी.

"दीड महिना रं फकस्त! गप ऱ्हा."

"तुला ठावं होतं, आये?"

"मला पायली हाय. मला ठावं नसंल?"

"आपलं दोन किलो गेलं तर गेलं. पन ह्या लोकांचं? ह्यांचा कोन हाय गिरणीत?"

सोनुबाई त्याचा दंड आणखी घट्ट धरून राहिली, इतका की तिच्या बांगडीचा वळ त्याच्या हातावर उठला.

पोशा पुन्हा पुढे आला. "गोमाकाका, काटा रिकामा कर." मग सगळ्यांना म्हणाला, "बघा रं. रिकामा काटा. दांडी तरंगाय पायजे ना? का बसलीय ती?" त्याने लोलकात बोट घालून शिसं काढलं. माझी दांडी हलकेच वर आली आणि थरथरत सरळ राहिली. तीन वर्षांनी, सगळ्यांच्या देखत.

आधी आरडाओरडा झाला. शेठच्या नावाने जे म्हटलं गेलं ते इथे लिहिण्याजोगं नाही. मग एकजण म्हणाला, "पन कवापासनं चाललंय ह्ये?" लोक बोटं मोजू लागले. मोजता मोजता एकेक मान भिंतीवरच्या ढालीकडे वळली.

शेवटी चिंधी नावाचा एक म्हातारा शेतकरी पुढे झाला. सहाही हरलेले सामने बघितलेला माणूस. तो म्हणाला, "पोशा, दे ते शिसं हिकडं. काय झालं नाय. गोमा, घाल ते हुतं तितं आनि टाक माझं पोतं."

"आबा, तुमचंच भात जातंय!"

"जाऊ दे गेलं तर. ढाल नाय जायाची."

"खरं हाय, खरं हाय," मागून आवाज आले. हेमचंद्रशेठ गल्ल्यावर बसून होते. त्यांना काही बोलायची गरजच पडली नाही.

मित्रांनो, मी पुष्कळ वजनं तोलली, पण त्या घडीइतकं जड काही माझ्यावर आलं नाही. पोशाने शिसं मुठीत घट्ट धरलं, माझ्यावर चढला आणि चक्क मांडी घालून बसला.

"वजनमापाच्या सायबाला बोलवा. तवर मी उतरत न्हाय. घाला पोती माझ्या डोस्क्यावर."

सकाळपासून दुपार कलेपर्यंत तो बसून होता. माझी दांडी त्रेसष्टवर होती. कोणी त्याला पाणी दिलं नाही. सोनुबाई दाराशी बसली होती. तीही उठली नाही.

साहेब आले, पंचनामा झाला. मला तार गुंडाळून शिक्का मारला आणि खटला संपेपर्यंत शेठच्याच ताब्यात ठेवलं. खटला केव्हाच संपला. मला सोडा असं लिहायचं मात्र कोणीतरी विसरलं. मला विकता येत नाही, मोडता येत नाही, वापरताही येत नाही. भिंतीपलीकडे नव्या काट्याचा खणखणाट ऐकू येतो. म्हणून तुम्हाला एकच विनवणी करतो. बाजारात गेलात तर आपलं पोतं ठेवण्याआधी रिकाम्या काट्याकडे बघा. त्यावर आपली माणसं जिंकत असतील तेव्हा तर जास्तच निरखून बघा. काट्याला तोंड नसतं, त्याच्या वतीने तुम्हालाच बघावं लागतं.

आता कोणी काय भरलं ते सांगून संपवतो. हेमचंद्रशेठनी भरला पाचशे रुपये दंड, आणि गिरणीचा तांदूळ अजून त्यांच्याकडूनच जातो. गोमाने मापाऱ्याचं काम सोडलं, तो मासे विकतो आणि म्हणे तागडीला हात लावत नाही, ढिगांचे वाटे लावून विकतो. गावाने भरलं सात हजार पोत्यांमागे चौदा हजार किलो भात, शिवाय ढाल, शिवाय संघ. ढाल परत गेली, संघावर दोन वर्षांची बंदी आली आणि त्यात पोरं पांगली ती पुन्हा जमली नाहीत. गिरणीने पोशाचं नाव कमी केलं आणि आठवड्यात दुसरा चढाईवाला घेतला, म्हणजे गिरणीने काहीच भरलं नाही. पोशाने भरली दीड महिन्यावर आलेली सगळी नोकरी. तो आता आईचं एकर कसतो.

पुढच्या हंगामापासून सगळ्यांची पोती दोन-दोन किलोंनी वाढली. चिंधीआबाचंही वाढलं. भाताच्या गाड्या पोशाच्या दारावरूनच बाजाराला येतात. गाडीवाले वखारीत सगळं बोलतात आणि मी सगळं ऐकतो. त्या दारात एक गाडी थांबली, असं अजून कोणाच्या तोंडून ऐकलेलं नाही.