शपथपत्रातली सुई

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. यमुताई काही वेड्या नव्हत्या, पण पुतण्याने भांडी अंगणात फेकल्यावर शहाणपण कुठवर पुरणार? महाल भागातलं वडिलांचं घर गौरांगला बिल्डरच्या घशात घालायचं होतं आणि मागच्या दोन खोल्यांत राहणारी विधवा आत्या त्याला आडवी येत होती. त्याचा बाप केशव, यमुताईंचा धाकटा भाऊ, त्या दिवशी ओसरीवरच उभा होता. मुलाला एका शब्दाने बोलला नाही. ते यमुताईंना फेकलेल्या भांड्यांपेक्षा जास्त लागलं.

वकील म्हणाला, "घर तुमच्या आणि केशवरावांच्या नावावर आहे. गौरांग यात कोणीच नाही. पोलीस संरक्षण हवं तर भीती भावाची दाखवावी लागेल. कधी हातात काही घेऊन आले का ते?"

"रोज सकाळी सुई घेऊनच तर येते माझ्यापाशी," यमुताई फणकाऱ्याने म्हणाल्या.

खरंच यायचा. केशव जन्मभर दवाखान्यात कंपाउंडर होता. ताईला साखर निघाली तेव्हापासून, म्हणजे अकरा वर्षं, तिचं इन्सुलिन तोच टोचत होता. यमुताईंना सुई बघवत नसे, तर हा इकडच्या-तिकडच्या गप्पा मारत काम उरकायचा. भांडी फेकल्याच्या दुसऱ्या सकाळीसुद्धा तो मान खाली घालून आला आणि टोचून गेला होता.

वकिलाने लिहिलं की प्रतिवादी धारदार वस्तू घेऊन वादीच्या खोलीत शिरतो, वादीच्या जिवाला धोका आहे. यमुताईंनी ते चष्मा लावून दोनदा वाचलं. मग सही केली. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात ते हेच, आणि इथे दोर बहिणीनेच वळून दिला.

कोर्टाने हुकूम काढला. केशवने ताईच्या खोल्यांत पाऊल टाकायचं नाही आणि दावा चालेपर्यंत दिवसा एक महिला पोलीस दाराशी बसेल. उमरेडकडची काजल नावाची शिपाई आली. शपथपत्राची नक्कल केशवलाही मिळाली. दुसऱ्या दिवसापासून तो आला नाही.

आठवडाभर यमुताईंनी रिक्षाने दवाखाना केला. मग एका सकाळी पायरी उतरताना त्यांना भोवळ आली आणि काजलने सावरलं.

"आजी, तुमचे भाऊ तं कंपाउंडर होते म्हणते," काजल म्हणाली. "त्याहिले काहून नाही सांगत?"

यमुताईंनी इन्सुलिनचा डबा उचलला आणि स्वतःच पुढच्या दारी, केशवकडे गेल्या. येण्याची मनाई भावाला होती, त्यांना नव्हती. काजल मागोमाग गेली, तिचं कामच ते.

केशवने दार उघडलं. आठ दिवसांत पार खंगला होता. पोलिसाची वर्दी दिसताच त्याने दोन्ही हात पाठीमागे नेले.

"टोचून दे ना गा, केशव."

"हात कापते, ताई. तो कागद वाचल्यापासून कापूनच राहिले."

"मी जजसमोर सांगते. खोटं लिहिलं म्हणून सांगते."

"नको," केशव आवाज खाली आणून म्हणाला. "शपथेवर खोटं बोलली म्हणून तुलेच धरतीन. घरही जाईन अन् तूही जाशीन. गौरांगले मी त्या दिवशी अडवलं नाही, ती माझीच चूक होती. कोणी विचारलं तर मी हो म्हणीन. माराले आलो होतो म्हणीन. तू काही बोलू नको."

काजलने ऐकून न ऐकल्यासारखं केलं. केशवने तिला जवळ बोलावलं आणि उंबऱ्याच्या आतूनच शिकवलं. औषध किती ओढायचं, कातडी चिमटीत कशी धरायची, सुई किती वेळ आत ठेवायची. स्वतःच्या दंडावर बोटाने दाखवलं. ताईच्या अंगाला त्याने हात लावला नाही. काजलने टोचलं. तिला बरं जमलं.

"उद्यापासून ह्याच देतीन," केशव म्हणाला आणि त्याने दार लोटून घेतलं.

आतून कडी लागल्याचा आवाज आला नाही. तो दारामागेच उभा आहे, हे यमुताईंना ठाऊक होतं. पण हाक मारायला त्यांना तोंड उरलं नव्हतं.