नसलेला रुसवा

माझं सासर म्हणजे गप्पांचा कारखाना. सासूबाई कपडे शिवतात आणि मशीनच्या वरताण आवाजात बोलतात. नवरा घरं विकतो, त्याचं तर पोटच बोलण्यावर. या घरात गप्प बसलेला माणूस एकतर आजारी असतो, नाहीतर रुसलेला. मी आजारी नव्हते. त्यामुळे लग्न झाल्यापासून रोज जेवताना माझ्या रुसव्याची चौकशी व्हायची, आणि काही नाही म्हटलं की संशय आणखी बळावायचा.

माहेरी बाबा घड्याळं दुरुस्त करतात. डोळ्याला भिंग लावून बसलेल्या माणसाशी कोणी बोलत नाही. तीच सवय आमच्या ताटांपर्यंत आली. ज्याचं बरं चाललंय तो आमच्याकडे गप्प असतो. कुणाच्या तोंडाचा पट्टा सुटला की आई विचारते, कुठे दुखतंय?

शेवटी वैतागून मी सासूबाईंना सांगून टाकलं, उशी टणक आहे. उशी चांगली मऊ होती. पण सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. लगेच नवी उशी आली. "बघ, बोललीस की नाही!" म्हणत नवरा असा खुलून हसला की मला तो फार आवडला. तेव्हापासून मी तक्रारी पुरवू लागले. पडदा आखूड, चहात साखर जास्त, न्हाणीघराची कडी घट्ट. बोलून बोलून जीव मेटाकुटीला आला. चार दिवस माहेरी जाऊन येते म्हटलं, नुसती गप्प बसायला.

पण मेली सवय लागली होती. पहिल्याच जेवणाला मी सुरू झाले: पडदा, साखर, कडी. भानावर आले तेव्हा आईचा घास हातातच राहिला होता आणि बाबा माझ्याकडे बघत होते. मी घाईघाईने सांगितलं की तसं काही नाही, नवरा चांगला आहे, सासूबाई जीव लावतात. जितकं सांगत गेले तितका बाबांचा चेहरा उतरत गेला. मग मी तोंडाला कुलूप घातलं.

तेवढ्यात नवऱ्याचा फोन आला. मी नुसतं हं हं करत राहिले, कारण बाबा समोरच बसले होते. सासूबाईंनी त्याच्याकडून फोन घेतला.

"बोलत का नाहीस गं? आमचं काही चुकलं का?"

बोलावं तर बाबा, न बोलावं तर त्या. मला रडूच फुटलं.

बाबांनी माझ्या हातातून फोन घेतला. "ती आता इथेच राहील," ते म्हणाले.

पलीकडे कधी नव्हे ती शांतता पसरली. मग नवऱ्याचा आवाज आला, अगदी हळू, पण शेजारी मलाही ऐकू आला. "मलाही वाटतच होतं, ती खूश नाही."

बाबांनी फोन ठेवला. मला परत जायचं होतं. त्याच्याकडे, त्या गोंगाटात. पण हे पटवायला या घरात पुष्कळ बोलावं लागलं असतं. आई उठून माझं अंथरूण घालू लागली.