माझ्या पोटातले आंबवण

मी एक जुनी काथवट आहे, पावाचे पीठ मळायचे लाकडी भांडे. ओकच्या उभ्या फळ्या आणि त्यांना आवळणाऱ्या काड्यांच्या कड्या, एवढीच माझी काया. हिपोलित नावाच्या कारागिराने मला घडवले. पिंपे, बादल्या, काथवटी सारे तोच करी. माझ्या फळ्यांना त्याने आतून रंधा मारला नाही. बघणाऱ्याला वाटेल, माणूस आळशी. पण पाव करणाऱ्या बाईला असेच खडबडीत पोट हवे असते, मित्रांनो. पीठ त्याला धरून राहते.

आमचे गाव झाचिन्की. नारेव नदी इथे एका धारेने वाहत नाही. वेणी सुटावी तशा तिच्या बटा होतात. त्या बटांमध्ये दलदल आणि लव्हाळे, आणि मधोमध वाळूचा एक उंचवटा. तिथे आम्ही राहतो. बर्फ वितळले की चहूकडे पाणी चढते आणि गावाचे बेट होते. मग बाजार नाही की दुकान नाही. वाळूत गहू येत नाही. राय नावाचे करडे धान्य तेवढे येते. त्याच्या पावाला जुने आंबट पीठ लागते, आदल्या पावामागे उरलेले. त्या आंबवणाला आमच्या बोलीत झाचिन म्हणतात. गावाचे नाव त्यावरूनच पडले.

फार पूर्वी, हिवाळ्याच्या तोंडावर, शत्रूचे सैन्य आले. लोक होड्यांत बसून दलदलीत पळाले. कुणी देवाची तसबीर घेतली, कुणी डुकराचे पिल्लू. दोरोता नावाच्या विधवेने फक्त आपली काथवट उचलली.

"अगं दोरोता, पीठ गेलं, चूल गेली, आता हिच्यात काय बेडूक मळणार आहेस?" लोक हसले.

"मळीन. तुला पहिला घास देईन," ती म्हणाली.

परत आले तेव्हा गावाची राख झाली होती. पलीकडच्या मठातून पीठ मिळाले, पण आंबवण कुणाकडेच नव्हते. तेव्हा दोरोताने काथवटीच्या फळ्यांना चिकटलेला वाळका थर नखांनी खरवडून काढला, कोमट पाण्यात भिजवला आणि घरोघर चिमूटचिमूट वाटला. त्यातून सारे गाव पुन्हा उभे राहिले. पाद्रीबाबा म्हणायचे, गावाचे नाव कुणा माणसावरून पडले असेल. बायका ऐकून घ्यायच्या आणि एकमेकींकडे बघून हसायच्या.

पुढे मी घडले तेव्हा मलाही त्याच आंबवणातला गोळा मिळाला. तेव्हापासून मला कुणी धुतले नाही. काथवट धुवायची नाही, फक्त खरवडायची, हा आमच्याकडचा नेम. पीठ मळले की अपोलोनिया, माझी मालकीण, मला पिसांच्या दुलईत गुंडाळून चुलीजवळ ठेवायची, आजारी लेकराला ठेवावे तसे. लग्नात नवरीला माझ्या झाकणावर बसवून तिची वेणी सोडत. सासरी जाताना माझ्यातले मूठभर पीठ ती पदराखाली धरून नेई. किती मुली माझ्यावर बसून रडल्या, ते मला आठवते. त्यांच्या आयाही आठवतात.

सगळे पाव झाले की फळ्यांवरची खरवड काढून तिची एक छोटीशी भाकरी होई. ती मुलांची. म्हणून आमच्याकडे शेंडेफळालाही 'खरवड' म्हणून चिडवतात. अपोलोनियाची रेगिना उशिरा झालेली, सगळ्यात धाकटी.

"ए खरवडी, इकडे ये!" आई हाक मारी.

"मी खरवड नाही! मी अख्खा पाव आहे!" पोर पाय आपटी, आणि भाकरी मात्र पळवी.

मग बांधावरून पक्का रस्ता आला आणि त्यावरून पाववाल्याची गाडी येऊ लागली. गाडी भोंगा वाजवी, बायका पिशव्या घेऊन धावत. मुले शहरात गेली. रेगिनाही गेली आणि इस्पितळात परिचारिका झाली. अपोलोनिया मात्र पाव करत राहिली. एकटीला पुरेल एवढाच.

एका हिवाळ्यात ती अंथरुणाला खिळली. रेगिना रजा काढून आली. आईने औषध नाकारले, सूपही नाकारले.

"मग काय देऊ गं आई?"

"आपला पाव कर. तोच एकदा खायचाय. मग म्हणशील ते औषध घेते."

रेगिना आनंदाने कामाला लागली. तिने मला कोठीतून काढले. आत करडा, भेगाळलेला, आंबूस वासाचा थर पाहून तिचा जीव कळवळला. आईने इतके दिवस यातले खाल्ले! इस्पितळाच्या स्वच्छतेत राहून जुना नेम ती विसरली होती. तिने सोडा घेतला, उकळते पाणी ओतले आणि ब्रशने मला घासले. पोरीने सगळे प्रेमाने केले. मला ओरडता आले असते, तर मी ओरडले असते.

पीठ मळून तिने मला दुलईत गुंडाळले. दुसऱ्या दिवशीही पीठ फुगले नाही, तसेच राहिले, ओल्या वाळूसारखे. शेजारची गेनोवेफा काकू आली, झाकण उचलून वास घेतला आणि दचकली.

"धुतलीस? अगं, काथवट आहे ही, तुझ्या इस्पितळातलं भांडं नाही!"

"काकू, चुकलं. तुमच्याकडचं थोडं आंबवण द्या ना."

काकू बाकावर बसली. "माझी काथवट मी केव्हाच चुलीत घातली, बाळ. म्हटलं, लागलंच तर अपोलोनियाकडे आहे ना."

रेगिना बर्फातून दारोदार फिरली. एका घरी काथवटीत बटाटे होते, एका घरी नुसत्या कड्या उरल्या होत्या. उत्तर सगळीकडे तेच. अपोलोनियाकडे आहे ना.

शेवटी तिने दुकानातल्या खमिराची पुडी घातली, आंबटपणासाठी थोडे व्हिनेगर घातले. पाव छान फुगला. अपोलोनियाने नेमाप्रमाणे त्याच्या बुडावर सुरीने क्रूस काढला, तुकडा तोंडात घातला आणि क्षणभर चावायची थांबली.

"कसा झालाय?" रेगिनाने विचारले.

"हाच गं. तुझ्या आजीचा हात आलाय तुला."

तिने तो तुकडा संपवला, औषधही घेतले. मग म्हणाली, "काथवट आण जरा इकडे."

तिने माझ्या पोटात हात घातला. बोटे फळ्यांवरून सावकाश फिरली. कुठेच काही लागले नाही.

"आई..." रेगिनाला रडू फुटले.

"काही बोलू नकोस. ये, बस इथे. माझी खरवड आहे ना माझ्याजवळ."

बर्फ वितळायच्या आधी अपोलोनिया गेली. रेगिनाला मला जाळवेना. तिने माझ्यात माती भरून लाल फुले लावली आणि मला ओसरीत ठेवले. दर उन्हाळ्यात ती येते, फुलांना पाणी घालते आणि जाता जाता माझ्या काठावर हात ठेवते.

मित्रांनो, तुमच्याही घरात एखादे कळकट भांडे असेल. ते घासण्याआधी घरातल्या म्हाताऱ्या माणसाला एकदा विचारा. आणि शेजारच्या घरी आहेच म्हणून आपले टाकून देऊ नका. माझे पोट आता मातीने भरले आहे. फुले बरी येतात. पण थंडी पडली की मला अजून वाटते, आता कुणीतरी दुलई घेऊन येईल.