समासातला शेरा

गुरुवारी सुनावणी होती, म्हणून बुधवारी बाबांनी घरातल्या सगळ्या चादरी धुवायला काढल्या. मनात काही सलत असलं की ते कापडाला हात घालत. लष्करासाठी घेतलेल्या पॅराशूटांची तपासणी करण्यात त्यांची पस्तीस वर्षं गेली होती. कचेरीत त्यांना सगळे टाकेमास्तर म्हणत.

दुपारी बापलेक गच्चीवर घड्या घालायला उभे राहिले. दोन टोकं त्यांच्या हातात, दोन लेकीच्या. मध्येच वारा शिरला, चादर टम्म फुगून वर आली आणि पलीकडचे बाबा दिसेनासे झाले. उरला नुसता आवाज.

"घट्ट धर ठमाबाई, नाहीतर उडून पोचशील सासरी."

"तिथूनच तर उडून आलेय."

चादरीमागे ते हसले. मग म्हणाले, "उद्या अस्सल फाइल मागवतील."

"मागवू देत. तुमचा शेरा नकलेत दिसतच नाही, असं आपल्या वकीलबाई सांगतात."

चार वर्षांपूर्वी घेतलेली नवी पॅराशूटं चाचणीतच उशिरा उघडली होती. तरी ती घेतली गेली. कुणाचे तरी हात ओले झाल्याशिवाय हे होणार नाही, म्हणून एका निवृत्त सैनिकाने याचिका केली. आपण 'घेऊ नये' असा शेरा फाइलीच्या समासात लिहिला होता, असं बाबांनी न्यायालयात शपथेवर सांगितलं. लिहिला होता तो पेन्सिलीने. त्यांच्या कचेरीची रीतच तशी. साहेबाशी मतभेद पेन्सिलीने नोंदवायचा, म्हणजे साहेबाला तो खोडता येतो आणि कुणाचा पाणउतारा होत नाही.

"शाईने लिहायला काय झालं होतं तुम्हाला?"

"शाईने लिहिलं की भांडण होतं गं. पेन्सिलीने लिहिलं की सल्ला."

आणि बढती मिळते, हे तिच्या अगदी ओठांवर आलं होतं. त्याच वर्षी ते वरच्या खुर्चीवर गेले होते. तिने ते गिळलं.

"तुला तरी पटतंय ना?" चादर खाली बसता बसता त्यांनी विचारलं.

"टोकं जुळवा बाबा, घडी वाकडी होतेय."

त्यांनी टोकं जुळवली.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिने चहाला हाक मारली, तर त्यांनी ओ दिली नाही.

बाबा गेल्याचं सांगून वकीलबाईंनी तारीख महिनाभर पुढे घेतली. त्या महिन्यात तिला भरदिवसा, उघड्या डोळ्यांनी पांढऱ्या छत्र्या दिसत. घरांच्या मधल्या फटींतून त्या सावकाश उतरत राहत, एकही जमिनीला टेकत नसे. भाजी चिरता चिरता ती खिडकीबाहेर बघत बसे आणि कुणी बेल वाजवली तर दचके.

न्यायालयाचं छत इतकं उंच होतं की बोललेलं आधी वर जाई आणि मग पाण्यातून यावं तसं खाली येई.

"पेन्सिलीचा शेरा म्हणजे स्वप्नात दिलेला राजीनामा, महोदय," सरकारी वकील म्हणाले. दोघं-तिघं हसले.

न्यायमूर्तींनी अस्सल फाइलीचं बंद पाकीट फोडलं. चष्मा काढला, कागद खिडकीच्या उजेडात तिरका धरला, समासावरून बोट फिरवलं. बराच वेळ.

"इथं काहीतरी लिहून खोडलंय. खाच लागते. 'नये' एवढं वाचता येतं."

तिचे पाय जमिनीवर आहेत की नाहीत, हे तिला कळेना.

मग त्याच संथ आवाजात निकाल आला. कोणतं पॅराशूट चांगलं, हे न्यायालय ठरवणार नाही. प्रक्रिया नियमाप्रमाणे झाली का, एवढंच ते बघू शकतं, आणि ती झालेली दिसते. खोडलेल्या शेऱ्याला नियमांत स्थान नाही. लाच घेतल्याचा पुरावा समोर नाही. याचिका फेटाळली.

"वरच्या कोर्टात जाऊ आपण," बाहेरच्या पायऱ्यांवर वकीलबाई तिचा दंड धरून म्हणाल्या. "पण निदान त्यांचा शब्द खरा निघाला बाई."

तिने मान हलवली. चार पायऱ्या उतरली आणि थांबली. येणारेजाणारे वळून बघतील एवढ्या मोठ्याने ती म्हणाली,

"मला पटलं नव्हतं, बाबा. तुम्ही विचारलंत तेव्हा मला अजिबात पटलं नव्हतं."