तिसऱ्या अंकातली थप्पड

एलादिओने हात मागे नेला आणि म्हाताऱ्याच्या गालावर सणसणीत ठेवून दिली. आवाज पार बाल्कनीपर्यंत गेला.

म्हातारा पडला नाही. त्याने मान खाली घातली, ओठांच्या एका कोपऱ्यातून हसला, बाहीने नाक पुसलं. मग शेवटचं स्वगत सुरू केलं आणि अख्खं थिएटर रडायला लागलं. पडदा पडला तेव्हा लोक उभे होते. म्हाताऱ्यासाठी.

हे नाटक एलादिओने या एका थपडेसाठी लिहिलं होतं. तसा तो कादंबऱ्या लिहायचा. चार आल्या, खपल्या कमी. अधूनमधून सिनेमात काम मिळायचं, कधी वेटर, कधी पाद्री, एकदा नुसतं प्रेत. पण विशीत तो इथेच सारागोसाला प्रॉम्प्टर होता, आणि बेर्नाबे कासोर्ला तेव्हाचा मोठा नट. एका प्रयोगात कासोर्ला वाक्य विसरला. एलादिओने दिलं, त्याला ऐकू गेलं नाही. पडदा पडल्यावर सगळ्या कंपनीसमोर त्याने एलादिओच्या मुस्काटात मारली.

आता पन्नाशीत एलादिओने त्याच, म्हाताऱ्या झालेल्या कासोर्लासाठी सासऱ्याची भूमिका लिहिली. जावई सासऱ्याला मारतो. जावयाचं काम स्वतःकडे घेतलं.

"तू नट नाहीयेस," दिग्दर्शक म्हणाला होता.

"एवढं जमेल मला."

जमलं. पण जितकी जोरात मारावी तितका म्हातारा मोठा होत चालला होता. पेपरात फोटो त्याचा. रस्त्यात बायका हात धरायच्या त्याचा. आणि एलादिओकडे बघून नाक मुरडायच्या.

शनिवारी दोन प्रयोग असायचे. मधल्या वेळात कासोर्ला गळ्याला टॉवेल लावून ऑम्लेट-पाव खात बसला होता. कपडेपट सांभाळणारी रेमेदिओस त्याच्या कोटाचं बटण लावत होती.

"माएस्त्रो, ते हसणं कुठून आणलंत हो? काटा येतो अंगावर. लिहिलेलं तर नाहीये."

"एका पोराचं आहे," घास चावत कासोर्ला म्हणाला. "आमचा प्रॉम्प्टर होता. एकदा ठेवून दिली त्याला मी. तर गडी हसला. नाक पुसलं, आणि मलाच म्हणतो, माफ करा. मी म्हटलं, हे जपून ठेवावं. कधीतरी कामाला येईल."

"आणि त्या पोराचं काय झालं?"

"काय माहीत. असल्यांचं काय होतं?"

एलादिओ पलीकडच्या आरशासमोर टाय बांधत होता. त्याने गाठ सोडली. परत बांधली.

"आणि तू रे," कासोर्ला आरशातूनच त्याला म्हणाला, "जरा अजून जोरात दे. लाजू नकोस. डोकं साथ देत नाही आता. तुझा हात पडला की स्वगत आपोआप बाहेर येतं. नाही पडला तर मला पहिला शब्दसुद्धा सापडायचा नाही."

"ठेवा मग एखादा प्रॉम्प्टर," रेमेदिओस म्हणाली.

"हल्ली कोण ठेवतं? चला."

तिने दोघांना कोट चढवले आणि दाराबाहेर ढकललं. "भरपूर शेण," ती म्हणाली. नाटकवाले शुभेच्छा अशाच देतात.

दुसरा प्रयोग हाउसफुल्ल होता. तिसरा अंक आला. एलादिओने हात उचलला. म्हाताऱ्याने गाल जरासा पुढे केला. ओठांचा कोपरा आधीच वळायला लागला होता.

एलादिओने त्या कोपऱ्याकडे पाहिलं. मग हात खाली आणला आणि कोटाच्या खिशात घातला.

लोकांना वाटलं, नाटकात असंच असेल.

"मार," म्हातारा ओठ न हलवता म्हणाला.

एलादिओ उभा.

म्हाताऱ्याने तोंड उघडलं. मिटलं. परत उघडलं. कपाळावरचा रंग ओघळून भुवईत उतरला.

"पहिला शब्द दे. एलादिओ. नुसता पहिला."

पहिला शब्द एलादिओला पाठ होता. त्यानेच लिहिला होता. तो म्हाताऱ्याकडे बघत राहिला, प्रेमाने बघावं तसा.

खाली कोणीतरी खोकलं. खुर्ची करकरली. म्हातारा एक पाऊल पुढे आला, मग मागे गेला, आणि टेबलाची कड धरून उभा राहिला.

बाल्कनीत कोणीतरी हळूच हसलं.

एलादिओने मान किंचित तिकडे वळवली. अजून कोणी हसतंय का, ते तो ऐकत होता.