उभा एकोणीस

कोडेकारांच्या बायकोने गंमत म्हणून एक लहानसं शब्दकोडं रचून साप्ताहिकाला पाठवलं आणि तिथून सगळं बिनसलं. वाचकांना ते भलतंच आवडलं. शेवटच्या पानावर वर्षानुवर्षं कोडेकारांचं कोडं येत असे, पण वर्धापनदिनाच्या अंकात मोठं कोडं तिचं घ्यायचं ठरलं.

"काका, या वेळी काकूंना संधी देऊ," संपादक फोनवर म्हणाला. "उद्या संध्याकाळपर्यंत आलं नाही, तर तुमचं आहेच."

"वा, छानच," कोडेकार म्हणाले. फोन ठेवल्यावर ते घोटभर पाणी प्यायले, तेसुद्धा कडू लागलं.

घरची रीत अशी, की कोडेकारांनी रचायचं, बायकोने सोडवून बघायचं, आणि मगच ते छापायला जायचं. त्यांनी कोश चाळून चाळून रचलेलं कोडं ती कॉफी गार व्हायच्या आत सोडवून टाकी आणि म्हणे, "झालं बाई!" ते "झालं बाई" त्यांच्या मनात कुसळासारखं रुतून बसलं होतं. आता तिने आपलं कोडं त्यांच्यापुढे केलं, तेव्हा ते म्हणाले, "मला वेळ नाही."

दुसऱ्या दिवशी सकाळी ती आंघोळीला गेल्यावर मात्र त्यांनी ते कॉम्प्युटरवर चोरून उघडलं. भराभर सुटत गेलं, तसा त्यांना राग येत गेला. कोशाकडे न बघता रचलेलं, सगळं घरातलं, रोजचं. आपल्याला का नाही हे सुचत? मग उभा एकोणीस आला: ‘एक आवळतो, मग दुसरीला उघडत नाही. तीन अक्षरे.’ त्यांनी ‘कुलूप’ भरलं, आणि खालचा उजवा कोपरा अडून बसला. आडवा एकही शब्द जुळेना. चुकली! त्यांना कोण आनंद झाला. तेवढ्यात न्हाणीघराची कडी वाजली. त्यांनी वरची बारीक रेघ दाबून कोडं पडद्यावरून नाहीसं केलं आणि पेपर तोंडासमोर धरला.

दुपारी ती स्वयंपाकघरात होती, तेव्हा त्यांनी मन घट्ट केलं. फक्त आजच्या दिवस ती फाइल सापडली नाही की झालं. ‘जुनी बिलं’मध्ये कोण डोकावतंय? त्यांनी ती तिकडे हलवायला घेतली. कॉम्प्युटर म्हणाला, ही फाइल दुसरीकडे उघडी आहे, हलवता येणार नाही. मग तर ते इरेलाच पेटले. पुसूनच टाकायला गेले. पुन्हा तेच.

दुसरीकडे? घरात तर हा एकच कॉम्प्युटर. म्हणजे तिने कोडं आधीच पाठवलं असणार, आणि संपादक आत्ता ते वाचत मान डोलावत असणार! त्यांच्या कानशिलांतून वाफा निघू लागल्या. त्यांनी दुरुस्तीवाल्याला फोन लावला आणि दबक्या आवाजात सगळं सांगितलं.

"काका, ती तुमच्याच मशीनवर उघडी आहे. रेघ दाबली असेल. रेघेने नुसतं खाली जातं, बंद नाही होत. पडद्याच्या तळाशी पट्टी आहे ना, तिथे बघा."

त्यांनी पट्टीवर दाबलं. बायकोचं कोडं टुणकन वर आलं, त्यांच्याच अक्षरांनी भरलेलं. कोपरा तेवढा रिकामा.

"आता फुली दाबा, आणि मग खुशाल पुसा. काय आहे एवढं त्या फाइलीत?"

"काही नाही, फालतू आहे," म्हणत त्यांनी फोन ठेवला आणि बाण फुलीवर नेला.

"अहो!" आतून हाक आली. "किती आवळून ठेवता हो! कॉफीची बरणी उघडेल तर शपथ!"

कोडेकारांचा हात थांबला. त्यांनी ‘कुलूप’ खोडलं आणि लिहिलं, ‘झाकण’. बघता बघता कोपरा भरत गेला. शेवटचं घर भरलं तेव्हा ती बरणी घेऊन पाठीशी उभी होती.

"वेळ नव्हता ना तुम्हाला?"

"सहज बघत होतो. ते एकोणीस जरा..."

"जरा काय? मलाही धाकधूकच आहे." ती खुर्चीच्या पाठीला रेलली. "अवघड आहे की चुकलंय? चुकलं असेल तर सांगा. मग नाही पाठवत, तुमचंच जाऊ दे."

कॉम्प्युटरने जे करू दिलं नव्हतं, ते आता एका शब्दाने होणार होतं. शब्द जिभेवर आलासुद्धा. पण भरलेला कोपरा समोर होता आणि त्यात कुठेही चूक नव्हती. असा कोपरा त्यांना जन्मात साधला नव्हता.

"अवघड," ते म्हणाले. दाढ उपटून हातात दिल्यासारखे.

"खरंच? तुम्हाला अवघड गेलं?" ती इतकी खुलली, की त्यांना तेही बघवेना. "उठा मग, पाठवून टाकते."

त्यांनी खुर्ची रिकामी केली आणि बरणी घेऊन ते स्वयंपाकघरात गेले. झाकण एका फिरकीत उघडलं. त्यांनी दोन कप कॉफी केली. बाहेरून आवाज आला, "झालं बाई!"

कोडेकारांनी झाकण परत लावलं, आणि दात ओठ खाऊन चांगलं आवळलं.