स्टेपनी कुठे आहे?

मला कुणी डिपेंडंट म्हटलेलं अजिबात खपत नाही. पण २००३च्या ऑक्टोबरात मी अमेरिकेत रेडमंडला येऊन पडले, तेव्हा माझ्या कागदपत्रांवर नेमकं तेच लिहिलेलं होतं. नवरा, म्हणजे यतीन, सॉफ्टवेअर इंजिनियर. मी त्याच्या व्हिसाला लटकून आलेली, नोकरी करायला बंदी. आणि मी मूळची कोण? नागपूरची मेकॅनिकल इंजिनियर, चिंचवडच्या एका कार्बोरेटरच्या कारखान्यात सहा वर्षं क्वालिटी सांभाळलेली. नीलांबरीची सही झाल्याशिवाय तिथून एक खोकं बाहेर पडत नसे. इथे माझ्या सहीवर लायब्ररीचं कार्डही मिळेना, कारण विजेचं बिल यतीनच्या नावावर.

त्यात तो पाऊस. नळ नीट बंद केला नसावा तसा दिवसभर ठिबकत राहायचा. बस अर्ध्या तासाने एक, आणि मी स्टॉपवर पोचले की हमखास नुकतीच गेलेली.

"मला गाडी पाहिजे," डिसेंबरात मी जाहीर केलं. "माझी. आणि जुनी."

"जुनी कशाला, यार? नवी लीज करू. सर्व्हिसिंगपण इन्क्लूडेड असतं. तुला बॉनेट उघडायलासुद्धा लागणार नाही."

यतीन पुण्याचा आहे. वस्तू बिघडली की तो आधी पावती शोधतो.

"मला बॉनेटच उघडायचं आहे," मी म्हणाले.

लायब्ररीतल्या फळ्यावर एक चिठ्ठी लावलेली होती. १९८४ची हॅचबॅक, मॅन्युअल गिअर, एकाच बाईंनी चालवलेली. पत्ता कार्नेशन गावाबाहेरचा. जानेवारीतल्या एका शनिवारी यतीनने तोंड वाकडं करत मला तिथे नेलं.

गाडी मोहरीच्या रंगाची होती. बुटकी, मागून तिरकी कापलेली, दिव्यांचे डोळे वटारून बसलेली. बघताक्षणीच मला ती आवडली. पण आमच्याआधीच टोपी घातलेला एक दांडगा माणूस ट्रेलर घेऊन हजर होता. त्याला गाडी नको होती, नुसता सांगाडा हवा होता, रेसिंगसाठी. मालक हालवरसन म्हणून पंचाहत्तरीचे गृहस्थ होते. उंच, वाकलेले, जाड भिंगांचा चष्मा. नजर अधू झाल्यामुळे डॉक्टरांनी त्यांचं ड्रायव्हिंग बंद केलं होतं. ते त्या टोपीवाल्याला किल्ली देणारच होते.

मी कुणाला न विचारता मागचं दार वर केलं आणि कार्पेट उचललं. खाली चाक ठेवायचा खड्डा रिकामा.

"व्हेअर इज द स्टेपनी?" मी खणखणीत आवाजात विचारलं.

हालवरसन जागच्या जागी थांबले. "शी इज गॉन," ते हळू आवाजात म्हणाले. "मार्चमध्ये दोन वर्षं होतील."

दोन वर्षं! माझा पारा चढला. "मग दुसरी का नाही आणली?"

"दुसरी?"

"जुनी असली तरी चालते. सेकंडहँडसुद्धा चांगल्या मिळतात. आमच्या इंडियात स्टेपनीशिवाय कुणी घराबाहेर पडत नाही. तुम्ही मॅनेज तरी कसं करता?"

ते माझ्याकडे बघत राहिले. भिंगांआड डोळे भरून आले. "नॉट व्हेरी वेल," ते म्हणाले.

एका चाकासाठी एवढं वाईट वाटून घेणारा माणूस मी पहिल्यांदाच बघत होते. तेवढ्यात यतीनने माझा दंड धरला. त्याचे कान लालबुंद झाले होते.

"नीलू, गप बस! स्टेपनी हा शब्द इथे कुणाला माहीतच नाही. स्पेअर टायर म्हणतात. त्यांच्या वाइफचं नाव स्टेफनी असणार!"

मला दरदरून घाम फुटला. आपल्याकडे स्टेपनी या शब्दाला 'दुसरी बाई' असा आणखी एक अर्थ चिकटलेला आहे, तो आठवल्यावर तर गाडीखाली शिरावंसं वाटलं. मी हातवारे करत, हवेत चाकं काढत, दहा वेळा सॉरी म्हणत सगळा खुलासा केला. हालवरसननी तो शेवटपर्यंत ऐकून घेतला. मग त्यांचे खांदे हलायला लागले. ते स्टुलावर बसले आणि चष्मा काढून पोट धरून हसले. दोन वर्षांत आपण हसलो नव्हतो, असं त्यांनी मला पुढे कधीतरी सांगितलं.

"तुमची स्टेपनी ती बघा," त्यांनी गॅरेजच्या भिंतीकडे बोट केलं. चाक खिळ्याला टांगलेलं होतं. "स्टेफनीनेच काढून ठेवली. नर्सरीतून रोपं आणायला जागा पुरायची नाही म्हणून."

मग ते टोपीवाल्याकडे वळले. "सॉरी. गाडी या बाईंना देतोय."

"हिला?" तो म्हणाला. "ही गाडी धुराच्या एमिशन टेस्टमध्ये कधी पास होणार नाही. आजकाल कार्बोरेटरला कुणी हातसुद्धा लावत नाही."

मी लावते, असं ओरडावंसं वाटलं. नुसती हसले.

हालवरसननी थोडा विचार केला. दर एप्रिलात स्टेफनी त्यांना याच गाडीतून स्कॅजिटच्या शेतांत ट्यूलिप बघायला न्यायची. महिनाअखेरीला शेतकरी फुलं छाटून टाकतात, त्याआधी. त्यांनी अट घातली. एप्रिलचा तिसरा शनिवार उजाडेपर्यंत गाडी त्यांच्या गॅरेजमध्येच राहील. तोवर ती टेस्ट पास झाली आणि मी त्यांना एकदा ट्यूलिप दाखवून आणले, तर गाडी माझी. नाही झाली, तर रविवारी टोपीवाल्याने ट्रेलर घेऊन यावं.

"डन," मी हात पुढे केला. गॅरेज मिळालं हेही बरंच झालं. आमच्या अपार्टमेंटच्या पार्किंगमध्ये गाडी दुरुस्त करायला मनाई होती.

तेव्हापासून दर शनिवारी यतीन मला तिथे सोडायचा आणि लॅपटॉप घेऊन गावातल्या कॉफीच्या दुकानात जाऊन बसायचा. मी प्लग बदलले, फिल्टर बदलला, चिरलेले रबरी पाइप बदलले. कितीतरी महिन्यांनी माझ्या नखांत ग्रीस बसलं, आणि ते धुवावंसं वाटेना. हालवरसन स्टुलावर बसून हत्यारं द्यायचे. मी स्पॅनर म्हणायचे, ते रेंच म्हणायचे. शेवटी मी त्यांना 'पाना' हा शब्द शिकवून भांडण मिटवलं. दोन आठवड्यांत ते न बघता, नुसतं चाचपून "बाराचा पाना" म्हणून बरोबर बाराचाच हातात ठेवायला लागले. घरी आम्ही त्यांना हालवरसनकाकाच म्हणायचो.

फेब्रुवारीत टेस्टला गेलो आणि सपशेल आपटलो. कार्बन मोनॉक्साइड मर्यादेच्या तिप्पट. तपासणाऱ्या माणसाने कागद देताना माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही.

"इट्स ओके, नीलू," घरी येताना यतीन म्हणाला. "ट्राय तर केलंस ना."

तो मनापासून म्हणाला, आणि म्हणूनच मला जास्त लागलं. शर्यतीत शेवटून पहिल्या आलेल्या पोरांना आपण असंच म्हणतो. मला भीती वाटली, खरंच वाटली, की कागदावर लिहिलंय तेच आता माझं होत चाललंय. माझे हात चार-पाच महिन्यांत विसरले की काय सगळं?

पुढच्या शनिवारी मी कार्बोरेटरच काढून घरी आणला. जेवणाच्या टेबलावर पेपर पसरले आणि तो सुटा सुटा केला. सुया, झडपा, फ्लोट, सगळं ठाकठीक. मग मी जेट उचललं. जेट म्हणजे पितळेचा एवढासा तुकडा, मध्ये केसाएवढं भोक. पेट्रोल किती जायचं ते हे भोक ठरवतं. खिडकीशी जाऊन भिंगातून बघितलं तर भोक गोल नव्हतंच. लांबट झालं होतं.

"यतीन!" मी किंचाळले. तो बाथरूममधून दाढीचा फेस घेऊन धावत आला. "तार घातलीय! कुणीतरी मेल्याने साफ करायला तार घातलीय!"

"म्हणजे वाईट का?"

"म्हणजे उत्तम!"

चिंचवडला असेंब्लीच्या दारावर एक पाटी होती: 'जेटमध्ये तार घालू नये'. खाली माझी सही. अशी हजारो जेट्स मी तपासली होती आणि शेकड्याने भंगारात टाकली होती. रोग माझ्या ओळखीचा निघाला होता. आता नवं जेट हवं होतं. पार्ट्सच्या दुकानातल्या माणसाने कंप्यूटरमध्ये बघून मान हलवली. ते बनणं बंद होऊन बारा वर्षं झाली होती.

इथे बंद, चिंचवडला चालू! आमचा कारखाना जपानी परवान्यावर चालायचा, आणि या गाडीचा कार्बोरेटरही त्याच जपानी कंपनीचा. आटे तेच, मापंही तीच. मी शोभनाला फोन लावला. माझ्यामागे क्वालिटीत तीच माझ्या जागेवर बसत होती.

"अगं, कितीचं भोक पाहिजे तेवढं सांग," ती म्हणाली. "आणि तुझा भोक मापायचा गेज अजून तुझ्या ड्रॉवरमध्येच आहे. कुणाला हात लावू दिला नाही."

बारा दिवसांनी पाकीट आलं. आत बडीशेपेची डबी, डबीत कापसात गुंडाळलेली चार जेट्स. सोबतच्या चिठ्ठीवर तिने माझाच जुना शिक्का मारला होता: 'तपासले. ठीक आहे. नीलांबरी.' मी तो कागद फ्रिजवर लावला. माझ्या व्हिसाच्या झेरॉक्सवर, बरोब्बर मधोमध.

एप्रिलचा तिसरा शनिवार उजाडला. त्याआधी पुन्हा टेस्टला जाता आलं नाही, कारण कार्बोरेटर बसवून, ऐकून, पुन्हा खोलून, पुन्हा बसवून माझं समाधान होत नव्हतं. क्वालिटीवाल्यांचा हा जुना आजार. टेस्टचं केंद्र एक वाजता बंद व्हायचं. पावणेबाराला आम्ही निघालो. काका माझ्या शेजारी, आणि यतीन मागच्या सीटवर गुडघे हनुवटीला लावून. गाडीचा आवाज असा लागला होता की मला गुणगुणावंसं वाटत होतं.

आणि फाट्-कन आवाज होऊन गाडी उजवीकडे ओढली गेली.

मी ती कशीबशी कडेला घेतली. मागचं चाक बसलं होतं. घड्याळात बारा वाजून पाच मिनिटं. पुढच्याच क्षणी मला आठवलं.

"स्टेपनी!" मी कपाळावर हात मारला. "भिंतीवरच राहिली! ती घ्यायची राहिली!"

जगाला शहाणपणा शिकवणारी मी. नवऱ्यासमोर, परक्या म्हाताऱ्यासमोर भाषण ठोकणारी मी. तीन महिन्यांचं काम, शोभनाची जेट्स, काकांचे ट्यूलिप, सगळं माझ्या वेंधळेपणाने पाण्यात. आता रविवारी तो टोपीवाला येणार आणि माझ्या गाडीची साल काढणार. मला रडू फुटलं. खोटं कशाला सांगू, हुंदके देऊन रडले.

काकांनी दार उघडलं. छताला धरत धरत ते मागे गेले. त्यांनी मागचं दार वर केलं, कार्पेट उचललं आणि मला हाक मारली.

खड्ड्यात चाक होतं. धुतलेलं, पुसलेलं, त्यावर शेजाऱ्याला दुकानात पाठवून चढवून आणलेला नवा टायर. आणि रिमवर पांढऱ्या रंगाने, नजर अधू झालेल्या माणसाच्या थरथरत्या अक्षरांत एक शब्द लिहिलेला: स्टेपनी.

"इंडियात हिच्याशिवाय कुणी घराबाहेर पडत नाही," काका म्हणाले. "मला एका बाईने चांगलं झापलं होतं." मग त्यांनी हात पुढे केला. "एकोणीसचा पाना?"

एकोणीसचाच होता. अकरा मिनिटांत मी चाक बदललं. यतीनने जॅक फिरवला, आणि पावती कुठे आहे असं एकदाही विचारलं नाही.

बारा चाळीसला आम्ही केंद्रात शिरलो. माणूस तोच, फेब्रुवारीतला. त्याने नळी लावली, गाडीला जोर द्यायला सांगितलं, पडद्याकडे बघितलं. मग पुन्हा बघितलं. मी स्टिअरिंग इतकं घट्ट धरलं होतं की बोटं पांढरी पडली.

"पास," तो म्हणाला. "मर्यादेच्या निम्म्याच्याही खाली. कार्बोरेटर कुणी केला?"

"मी."

या वेळी त्याने माझ्याकडे नीट बघितलं. "तुम्ही मेकॅनिक आहात?"

मी तोंड उघडायच्या आत मागच्या सीटवरून, गुडघ्यांच्या मधून, आवाज आला.

"नो, सर," यतीन म्हणाला. "शी इज द क्वालिटी डिपार्टमेंट."

तो थट्टा करत नव्हता. मी आरशात बघितलं, त्याचे डोळे पाणावले होते. केंद्राबाहेर पडता पडता त्याने काकांकडून नंबर घेऊन टोपीवाल्याला फोन लावला आणि ट्रेलर आणायचे कष्ट घेऊ नका म्हणून शुद्ध पुणेरी नम्रतेने सांगितलं.

तिथून आम्ही थेट उत्तरेचा रस्ता धरला. त्या दिवशी, कधी नव्हे ते, ऊन पडलं होतं. स्कॅजिटच्या सपाटीला लागलो तसे दोन्ही बाजूंना पट्टेच्या पट्टे सुरू झाले. काका काच खाली करून बसले होते. त्यांना फुलं दिसत नव्हती, फक्त रंगांचे डाग दिसत होते.

"आता लाल?" ते विचारायचे.

"लाल. आता संपले. आता पिवळे. आपल्या गाडीसारखे."

आपल्या, म्हणताना मला कसलाच संकोच वाटला नाही. मागे खड्ड्यात आता पंक्चर चाक होतं, तिथली स्टेपनी रस्त्यावर धावत होती. काकांनी खिडकीबाहेर हात काढून वारा घेतला. मग म्हणाले, "एक सांगू? स्टेफनी यापेक्षा पुष्कळ जोरात चालवायची."

"मग हे आधी नाही का सांगायचं?" मी म्हणाले, आणि पाय दाबला.